मनातल्या मांड्यांचा मानपान

मराठी माणूस मनातल्या मनात खातो तेव्हा मांडे खातो. मनातली भाकरी किंवा मनातला वरणभात असं कुणी म्हणत नाही. वरवर पाहता हा कंजूष माणसाचा हिशेब वाटतो: फुकटच खायचं तर स्वस्तातलं कशाला? पण तेवढंच असतं तर मनात बासुंदीही चालली असती, तीही काही रोजची नाही. मग मांडेच का? मांडा हा रात्री अकराला भूक लागली म्हणून उठून करायचा प्रकार नव्हे. सैल कणकेत पुरण भरायचं, तो उंडा हातांवर झुलवत झुलवत कोपरापर्यंत पसरवायचा आणि चुलीवरच्या उपड्या खापरावर अलगद सोडायचा. या कामाला चार जाणत्या बायका लागतात, मोठी चूल लागते, घरात काहीतरी निमित्त लागतं. आणि निमित्त आलं की एक रुसलेला नातेवाईक ओघानेच येतो. म्हणजे मनातले मांडे खाणारा एकटा जेवत नसतोच. त्याच्या मनात अख्खी पंगत बसलेली असते, आणि त्या पंगतीत त्याचं पान वरच्या अंगाला मांडलेलं असतं.

अद्भुत कथा-कादंबऱ्या लिहिणाऱ्यांचा तर हा धंदाच आहे. ते नकाशासकट देश रचतात, भाषा रचतात, ड्रॅगनच्या वंशावळी लावतात. आणि मग त्या देशात सण येतो, आणि सणाला काहीतरी भाजून किंवा तळून टेबलावर आणावं लागतं. माझं म्हणणं असं की या कल्पित पक्वान्नावर वाचकाचा विश्वास बसतो तो त्याच्या चवीमुळे नाही, मानपानामुळे बसतो. ते कुणी करायचं, सुरी कुणी लावायची, कुणाला किती मिळणार आणि मुख्य म्हणजे कुणाला बोलावणंच गेलेलं नाही, हे ज्या लेखकाला ठाऊक असतं त्याचा केक फुगतो. लोणी किती आणि साखर किती हे त्याने नाही सांगितलं तरी अडत नाही. आमंत्रणाची यादी राहिली तर मात्र सगळं बसकं होतं.

यासाठी सगळ्यात भक्कम पुरावा आहे वूटन मेजर या गावचा. हे गाव जे. आर. आर. टोल्कीन यांच्या डोक्यात वसलेलं. हॉबिट आणि अंगठीवाले म्हणून गाजलेल्या या प्राध्यापकांनी वयाच्या ७५व्या वर्षी, १९६७ साली, ‘स्मिथ ऑफ वूटन मेजर’ नावाची छोटी कथा छापली. त्यांच्या हयातीत छापली गेलेली ही शेवटची कथा. तिचा जन्मही मजेशीर आहे. जॉर्ज मॅकडॉनल्ड यांच्या ‘द गोल्डन की’ या परीकथेला प्रस्तावना लिहून द्या, अशी त्यांना विनंती झाली. परी म्हणजे काय हे समजावताना त्यांनी एक दाखला घेतला: एक आचारी आहे, त्याला मुलांसाठी केक करायचा आहे, आणि केक म्हणजे भरपूर गोड एवढंच त्याला कळतं. दाखला वाढत गेला. प्रस्तावना राहिली बाजूला आणि केक फुगला.

त्या गावात पाककला हा सार्वजनिक मामला आहे. स्वयंपाकघर पंचायतीच्या मालकीचं, आणि मुख्य आचारी हा गावातला मानाचा अधिकारी. आपल्याकडे सरपंचाला असावं तसं वजन त्याला. फरक एवढाच की त्याच्या कामाची चव घेता येते. एरवी तो सभा-समारंभांची जेवणं सांभाळतो, पण त्याचं नाव टिकायचं ते एका केकवर. हिवाळ्यातला उत्सव आठवडाभर चालतो आणि शेवटच्या दिवशी गुणी मुलांची मेजवानी असते. ती २४ वर्षांतून एकदा होते आणि तिला २४ मुलांनाच बोलावणं असतं. त्या दिवशी महाकेक. दुसरा महाकेक करण्याइतका एखादा आचारी त्या पदावर क्वचितच टिकतो. म्हणजे एकच संधी आणि रंगीत तालीम नाही.

आता या आकड्यांकडे जरा थांबून पाहू, कारण सगळी गंमत इथेच आहे. समजा, एखादं मूल सात वर्षांचं आहे आणि त्या वर्षी त्याचं नाव यादीत आलं नाही. पुढच्या मेजवानीला ते ३१ वर्षांचं झालेलं असेल, दाढी ठेवून आपल्या पोराचा नंबर लागतो का हे विचारत फिरत असेल. मेजवानीनंतर महिनाभराने जन्मलेलं मूल तर नशिबाला बोल लावण्याखेरीज काहीच करू शकत नाही. आपला धोंड्याचा महिना बरा, दर तीन वर्षांच्या आतबाहेर येतो आणि जावयाच्या ताटात ३३ अनारसे पडतात; एक अधिक हुकला तरी पुढच्या अधिकापर्यंत जावई जावईच राहतो. (मनात मांडे आणि पदरात धोंडे या म्हणीला रडगाणं समजणाऱ्याने या महिन्यातले पुरणाचे धोंडे खाल्लेले नसावेत.) वूटन मेजरमध्ये बहुतेकांनी महाकेक आयुष्यात खाल्लेलाच नसणार. तरीही गावात त्याच्याइतका खरा पदार्थ दुसरा नाही, कारण प्रत्येकाला त्याचे नियम पाठ आहेत आणि प्रत्येकाच्या मनात त्या यादीबद्दल काही ना काही आहे. लेखक तर उघडच सुचवतो की लायक असलेली काही मुलं राहून जात आणि नालायक काही चुकून आत येत. या एका कबुलीने ते गाव खरं होतं. शंभर टक्के न्याय्य यादीवर कुठल्या गावाने विश्वास ठेवला आहे?

गोष्टीतला आचारी नोक्स याची नेमणूकही अशीच. आधीचा मुख्य आचारी अचानक निघून जातो, ऐन वेळी दुसरा कुणी सापडत नाही, आणि बायकापोरांचा, पैशाला जपणारा एक भला गृहस्थ त्या खुर्चीवर बसतो. स्वयंपाक बेताचा. जुनी पुस्तकं उघडून बसतो, आणि हाताखालच्या आल्फ नावाच्या पोराकडून, आपल्याला येत नाही हे न कबूल करता, सगळं काढून घेतो. मुलांच्या आवडीबद्दल त्याच्या डोक्यात दोनच गोष्टी: परी आणि साखर. त्यातली परी वय वाढलं की सुटते असं त्याचं मत. साखर त्याची स्वतःचीही सुटलेली नव्हती. तेव्हा त्याने काय केलं, तर केकभर साखरेचा लेप, मधोमध एक सुळका, सुळक्यावर पांढऱ्या कपड्यातली चिमुकली बाहुली, हातात चमचमती चांदणी लावलेली कांडी, आणि पायाशी गुलाबी साखरेच्या अक्षरांत ‘परीराणी’ असं लिहिलेलं. न जाणो, कुणी ओळखलं नाही तर. आत नाणी आणि चिल्लर चिजा लपवल्या. हा जुना युरोपीय रिवाज; नाताळच्या पुडिंगात नाणं आणि जानेवारीतल्या राजाच्या केकमध्ये घेवड्याचा दाणा लपवतातच. नोक्सच्या हाताला मसाल्याच्या जुन्या डब्यात एक काळवंडलेली चांदणी लागली, ती खरोखरच परीराज्यातली होती, आणि तीही त्याने चिल्लर समजून पिठात ढकलली. गोष्टीतली सगळी जादू एवढीच, आणि ती आचाऱ्याला न कळता घडलेली. वर बाहुली खोटी, आत चांदणी खरी, आणि करणाऱ्याला फक्त बाहुलीचा अभिमान.

पाककृती लेखक कुठेही देत नाही. वाटपाचा हिशेब मात्र चोख देतो: प्रत्येकाला एक मोठा तुकडा मिळाला, उरलं काहीच नाही, पुन्हा मागायची सोय नव्हती. कुणाला एक वस्तू सापडली, कुणाला दोन, कित्येकांना काहीच नाही. चांदणी कुणालाच सापडली नाही, कारण लोहाराच्या पोराने ती न कळत गिळून टाकली होती. पंगतीत वाढपी असलेल्या कुणालाही विचारा, त्याला दुसऱ्या दिवशी आठवतो तो हिशेब हाच असतो. जिलबी कशी झाली होती हे तो विसरतो. ती कुठल्या रांगेपर्यंत पुरली हे विसरत नाही.

यावर कुणी म्हणेल, चवीला इतकं खाली ढकलू नका. सी. एस. लुईस यांच्या नार्नियात एडमंड नावाचा मुलगा टर्किश डिलाइटच्या एका डब्यापायी सख्ख्या भावंडांशी फितूर होतो, ते काय मानपानासाठी? बरोबर, ते चवीसाठीच. पण तिथलं दृश्य पाहा. बर्फात एक चेटकीण गाडीत बसलेली, मुलगा एकटा, हिरव्या रेशमी फितीचा डबा, आणि खायला हवं तेवढं. वाटेकरी नाही, निमित्त नाही, ‘आधी मोठ्यांना दे’ म्हणणारं कुणी नाही. ज्या खाण्यात पंगत नाही ते खाणं नार्नियात पापाच्या बाजूला पडतं. याच १९५०च्या पुस्तकात पुढे दुसरं ताट येतं. चेटकिणीने त्या देशात कायमचा हिवाळा लावून ठेवलेला, हिवाळा असून नाताळ नाही. आणि एकाएकी झाडाखाली खार, तिचा नवरा, त्यांची पिल्लं, एक म्हातारा कोल्हा आणि आणखी काही मंडळी टेबलाभोवती बसून मेजवानी झोडताना दिसतात. एडमंडला लांबून नीट दिसतही नाही. प्लम पुडिंगासारखं काहीतरी असावं एवढंच लेखक सांगतो. चव तर सोडाच, पदार्थाचीही खात्री नाही! पण चेटकिणीचा पारा चढायला तेवढं पुरतं, कारण पुडिंग म्हणजे नाताळ आला, आणि नाताळ आला म्हणजे तिचं राज्य गेलं. ती त्या सगळ्यांचा जागच्या जागी दगड करून टाकते. पुडिंगाला हुकूमशहाने इतकं मनावर घेतल्याचं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. दोन पदार्थांपैकी ज्याची चव वर्णन केली तो मोह ठरला, आणि ज्याचं नावही धड सांगितलं नाही तो सण ठरला.

दुसरा आक्षेप जास्त कडक आहे: हे सगळं अतिरंजित आहे, असले सोहळे कुठे असतात का? इथे जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या २००० सालच्या ‘अ स्टॉर्म ऑफ सोर्ड्स’मधल्या राजेशाही लग्नाकडे जावं लागतं. मराठीत लिहिताना त्या पदार्थाची पंचाईतच होते, कारण त्याला ‘पाय’ म्हणतात. आणि नवऱ्या मुलापुढे कबुतराचा पाय आणला म्हटलं की वाचक दुसऱ्या पायाची चौकशी करणार. तर मैद्याच्या जाड कवचाचा, दोन यार्ड रुंद पसरलेला तो पदार्थ. जेवणाचा बेत ७७ प्रकारांचा. तो कापायचा राजा जॉफ्रीने. आता राजाला त्याच दिवशी नवीकोरी, अतिमौल्यवान तलवार आहेरात मिळालेली. तिने खाण्याची वस्तू कापणं शोभत नाही, असं नववधू सुचवते, म्हणून दुसऱ्याची तलवार मागवतात. घाव पडतो आणि आतून जिवंत कबुतरं फडफडत बाहेर पडतात. टाळ्या. मग पाहुण्यांना वाढतात तो वेगळा, रीतसर शिजलेल्या कबुतरांचा, वर लिंबाची साय घातलेला. म्हणजे कापायचा एक आणि खायचा दुसरा. आणि चवीबद्दल राजाचा अभिप्राय काय, तर कोरडा आहे, घशाखाली उतरवायला वाइन हवी. ती वाइन प्यायल्यावर राजा तिथेच मरतो, पण तो दोष आचाऱ्याचा नाही.

अतिरंजित? इंग्रजांच्या खऱ्या पाककृतींच्या पुस्तकांपुढे मार्टिन हा संयमी लेखक ठरेल. ‘एपुलारिओ’ या इटालियन पुस्तकाचं १५९८ साली इंग्रजी भाषांतर झालं, त्यात जिवंत पक्षी भरून उडवण्याचा पाय कसा करावा हे सांगितलेलं आहे. १६६० साली रॉबर्ट मे या आचाऱ्याने आपल्या ग्रंथात मेजवानीचा जो देखावा रचला त्यात कणकेची जहाजं आणि किल्ले आहेत, त्यांना दारू भरलेल्या तोफा आहेत, बाण उपसला की लाल वाइनचं रक्त सांडणारं हरीण आहे. तोफांचा धूर झाला की बायकांनी गुलाबपाणी भरलेल्या अंड्यांची टरफलं एकमेकींवर फेकायची, म्हणजे वास जाईल. मग एका पायातून बेडूक उड्या मारणार, दुसऱ्यातून पक्षी उडणार. त्याआधी राजा पहिल्या चार्ल्सच्या राणीपुढे बकिंगहॅमच्या ड्यूकने ठेवलेल्या पायातून तर एक बुटका मुलगाच उभा राहिला होता, चिलखत घालून. जेफ्री हडसन त्याचं नाव, उंची जेमतेम दीड फूट. तो पुढे राणीच्या पदरी राहिला. यात कशाला चव होती? सगळा खेळ दरबारात कोण बसलं आहे आणि कोण दचकतं आहे याचा. अद्भुत कथेच्या लेखकाने इथे काही नवीन शोधलं नाही, उलट बेडूक गाळले.

तिसरे आक्षेपक पुरावा हातात घेऊनच येतात: मार्टिनच्या जगातल्या पदार्थांचं अधिकृत पाकपुस्तकच आहे, २०१२ साली निघालेलं. लोक घरी ओव्हन तापवून ते पदार्थ करतात, मग कृती बिनमहत्त्वाची कशी? मी म्हणतो, करतात हेच माझ्या बाजूचं. मूळ कादंबरीत वजनमापं नाहीत म्हणून तर वेगळं पुस्तक काढावं लागलं. टोल्कीनच्या एल्फ लोकांच्या लेंबास या प्रवासी पोळीचंही तसंच. ती बाहेरून बदामी, आतून सायीच्या रंगाची, एक खाल्ली की दिवसभराची चाल होते, एवढं वर्णन वाचून हौशी मंडळी कुणी बदाम घालून करतं, कुणी मध घालून, कुणी चक्क नानकटाई करून पानात गुंडाळतं. लेंबास हा सणाचा पदार्थ नव्हे हे मान्य. पण त्याचा मान सणाच्या पदार्थाहून कडक आहे. तो करण्याचा आणि देण्याचा अधिकार ठरावीक स्त्रियांचा, परक्याला तो सहसा मिळत नाही, आणि गॅलाड्रिएल या एल्फ स्वामिनीने तो देणं हा मोठा सन्मान असतो. अंगठीच्या लोभाने पछाडलेल्या गोलमने एकदा तोंडात घातला तर त्याला धूळ लागली. जिन्नस तेच, तोंड वेगळं. पानात गुंडाळलेल्या नानकटाईत लोण्याचं प्रमाण चुकत नसतं. ती देणारी गॅलाड्रिएल कुठून आणायची ही अडचण असते.

राहिला कल्पनेच्या स्वातंत्र्याचा मुद्दा. जग मनातलं, तर नियम कशाला, जो येईल त्याला केक द्या, असं म्हणणारेही भेटतात. त्यांनी लुईस कॅरल यांच्या १८७१च्या आरशापलीकडच्या देशात जाऊन यावं. तिथे सिंह आणि युनिकॉर्न यांच्या भांडणानंतर मनुकांचा केक निघतो आणि कापायचं काम ॲलिसकडे येतं. ती कापते, तुकडे पुन्हा जुळतात, कापते, जुळतात. शेवटी युनिकॉर्न तिला समजावतो की आरशातल्या केकला आधी वाढायचं असतं आणि मग कापायचं. ती ताट फिरवून येते तोवर केकचे आपोआप तीन वाटे झालेले असतात. इतकं उलटंपालटं जग, पण तिथेही पद्धत आहे, फक्त उलटी आहे. आणि पद्धत चुकवणाऱ्या पाहुणीला शिकवणारा एक तज्ज्ञही आहे, जसा प्रत्येक मांडवात असतो. इतकं होऊन युनिकॉर्न कुरकुरतो कशावरून? सिंहाला माझ्या दुप्पट वाढलं! तर्कशास्त्र सगळं मोडलं, पण वाटपाची तक्रार शाबूत राहिली.

आणि ज्यांना हे सगळं परदेशी वाटेल त्यांच्यासाठी मांडे आहेतच. निवृत्तिनाथांना मांडे खावेसे वाटले, मुक्ताबाई खापर आणायला निघाली, आणि या भावंडांवर डूख धरलेल्या विसोबाने कुंभारवाड्यात ताकीद देऊन ठेवली की या पोरांना खापर द्यायचं नाही. मग ज्ञानेश्वरांनी योगाग्नीने पाठ तापवली आणि मुक्ताबाईने त्या पाठीवर मांडे भाजले. पिढ्यान्‌पिढ्या ही आख्यायिका सांगितली जाते, पण मांडे गुळाचे होते की साखरेचे हे कुणी विचारत नाही. खापर कुणी नाकारलं, ते सगळ्यांना माहीत असतं. आणि तो नाकारणारा नंतर त्याच मांड्यांचं उष्टं मागायला आला, हेही. पुढे तो विसोबा खेचर झाला आणि नामदेवांचा गुरू झाला. त्या उष्ट्याची चव कशी होती हे आख्यायिका सांगत नाही, आणि ऐकणाऱ्याचं काही अडतही नाही.

नोक्सचं पुढे काय झालं ते सांगायचं राहिलं. आल्फ मुख्य आचारी झाला, वर्षं उलटली, पुन्हा महाकेक झाला, आणि चांदणी दुसऱ्या एका मुलाच्या घासात गेली. म्हातारा, सुटलेल्या पोटाचा नोक्स आल्फची थट्टा करत राहिला, तेव्हा आल्फने आपण परीराज्याचा राजा असल्याचं त्याला प्रत्यक्ष दाखवलं आणि पोट कमी करून दिलं. नोक्सने ते स्वप्न ठरवलं. राजा म्हणे, याच्या हातात कांडी तरी होती का? नोक्स शंभरी गाठून वारला, आणि त्याच्या हातून घडलेली लक्षात राहण्याजोगी गोष्ट म्हणून गावात तेवढीच धरतात. त्याच्या केकचा उल्लेख कुणी करत नाही.